जर, जरी आणि देवगिरीची वाट

"दसऱ्याचं सोनं कुणाच्या पिशवीत उरलंय का?"

गाडीने पडेगाव, मिटमिटा मागे टाकलं होतं आणि आमच्या गाईडकाकांनी दिवसभराच्या बोलण्याची सुरुवात या प्रश्नाने केली. दसरा कालच झाला होता. बीडहून लेक-जावयाबरोबर आलेल्या आजींनी बटव्यातून आपट्याची दोन पानं काढली. जरा सुकलेली, कडेने वळलेली. काकांनी ती कपाळाला लावली, शर्टाच्या खिशात ठेवली आणि म्हणाले, "आजी, आज आपण ज्या रस्त्याने चाललोय ना, त्या रस्त्याने लोक खऱ्या सोन्यासाठी आले. कुणी तलवार घेऊन, कुणी तराजू घेऊन. तुम्ही खिडकीतून बघत राहा. सोनं कुठं सापडलं आणि कुठं गेलं, ते मी दाखवतो."

मी छत्रपती संभाजीनगरात वाढले. शाळेच्या सहलीत, पाहुण्यांबरोबर, लग्नानंतर सासरच्या मंडळींना घेऊन वेरूळ-दौलताबाद किती वेळा केलं, याचा हिशेब नाही. पण तिकीट काढून, अनोळखी माणसांत बसून, गाईडच्या मागे चालत हा रस्ता मी कधी पाहिला नव्हता. निमित्त झालं भाचीच्या फोनचं. ती कॅलिफोर्नियात राहते. तिथल्या कोलोमा गावी २४ जानेवारी १८४८ रोजी लाकूड कापायच्या गिरणीच्या पाटात जेम्स मार्शल नावाच्या सुताराला सोन्याचे कण दिसले आणि वर्षभरात जगाच्या कानाकोपऱ्यातून माणसं त्या डोंगरांत लोटली. आता ती गावं एका दिवसाच्या सहलीत दाखवतात. भाची ती सहल करून आली होती. "मावशी, आपल्याकडे आहे का गं असं काही?" असं तिने विचारलं. मी पटकन कोलार म्हणाले. पण ते पडलं कर्नाटकात, आणि तिथल्या खाणीही २००१ साली बंद झाल्या. फोन ठेवल्यावर लक्षात आलं की सोन्याच्या ओढीने डोंगराकडे धावलेली माणसं तर माझ्या घरापासून पंधरा किलोमीटरवर येऊन गेली होती. कोलोमाच्या साडेपाचशे वर्षं आधी.

एक फरक मोठा आहे. तिकडे सोनं मातीत होतं. आमच्या सातमाळा-अजिंठ्याच्या रांगेत सगळा काळा पाषाण. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी थरावर थर साचून थिजलेला लाव्हा. या डोंगरात सोन्याची खाण कधी लागली नाही. देवगिरीला, म्हणजे आजच्या दौलताबादला, जे सोनं होतं ते सगळं बाहेरून आलेलं, व्यापारातून साठलेलं. पहिल्या शतकातल्या एका ग्रीक खलाशाच्या प्रवासवर्णनात पैठणचं नाव आहे. तिथून अकीक गाड्यांत भरून भडोचच्या बंदरात जाई आणि बदल्यात रोमची नाणी येत. पुढे यादवांच्या काळात ठाणे, सोपारा, चौल ही बंदरं घाटवाटांनी देवगिरीशी जोडलेली होती. यादवांची स्वतःची सोन्याची नाणी होती, पद्मटंक म्हणतात त्यांना. वाटीसारखी किंचित खोलगट, मध्ये कमळ आणि भोवती राजाचं नाव व इतर खुणा ठोकलेल्या. त्यांच्या सर्वांत नावाजलेल्या मंत्र्याचं नाव हेमाद्री, म्हणजे आपला हेमाडपंत. हेमाद्री या शब्दाचा अर्थच सोन्याचा डोंगर.

दौलताबादच्या वेशीशी गाडी नेहमीसारखी अडकली. इथला रस्ता अंबरकोटाच्या जुन्या तटातून, कमानीखालून जातो. दोन मोठी वाहनं समोरासमोर आली की खोळंबा ठरलेला. काकांना ही अडवणूक आवडते, हे दिवसभरात कळलं. गाडी थांबली की त्यांना बोलायला वेळ मिळतो. "हा तट किल्ल्याचा नाही, गावाचा," ते म्हणाले. "इथून आत सगळं शहर होतं. आता आत शेतं दिसतात, सीताफळं दिसतात. इब्न बतूता आला तेव्हा इथं जवाहिऱ्यांची दुकानं होती." खरंच आहे ते. मोरोक्कोहून निघालेला हा प्रवासी १३४० च्या सुमारास दौलताबादला आला. इथले व्यापारी रत्नांचा व्यवहार करतात आणि अफाट श्रीमंत आहेत, असं त्याने लिहून ठेवलं. किल्ल्याच्या कोठडीतले उंदीर मांजरांपेक्षा मोठे असतात, असंही लिहिलं. आजींना रत्नांपेक्षा उंदरांची गोष्ट जास्त पटली.

किल्ल्यात शिरल्यावर गाईड लोक साधारण एकाच क्रमाने जातात. हत्ती हौद, भारतमातेचं मंदिर, चाँद मिनार, चिनी महाल, मेंढा तोफ, खंदक, अंधेरी, बारादरी. ज्यांचे गुडघे चांगले ते वर. आमच्या तेरा जणांतले सात वर गेले. मी मुद्दाम काकांबरोबर खंदकाच्या पुलावर थांबले, कारण १२९६ ची गोष्ट ते इथेच सांगतात.

दिल्लीच्या सुलतानाचा पुतण्या आणि जावई अलाउद्दीन तेव्हा गंगाकाठच्या कडा प्रांताचा सुभेदार होता. चुलत्याला कळू न देता तो काही हजार स्वार घेऊन निघाला. चंदेरी, एलिचपूर करत दख्खनमध्ये उतरला. वाटेत विचारणाऱ्यांना सांगत आला की मी सुलतानावर रुसलोय, राजमहेंद्रीच्या राजाकडे नोकरी धरायला चाललोय. देवगिरीची फौज तेव्हा युवराज शंकरदेवाबरोबर दूर गेलेली. राजा रामचंद्रदेव घाईघाईने किल्ल्यात शिरला. आसपास कोकणातून आलेल्या व्यापाऱ्यांच्या हजारो गोण्या पडल्या होत्या. धान्य समजून त्या किल्ल्यात ओढून घेतल्या. नंतर गोण्या उघडल्या तर आत मीठ.

ही गोष्ट फिरिश्त्याने लिहिली आहे. तो विजापूरला बसून लिहीत होता, घटनेनंतर तीनशे वर्षांनी. त्यामुळे तिच्यातला शब्दन् शब्द धरून चालता येत नाही. तरी मला ती फार मोलाची वाटते. बाकी सगळे दरबारी लेखक सोन्याबद्दल लिहितात, इथे एक जण मिठाबद्दल लिहितो. ज्या घाटवाटांनी सोनं वर चढलं त्याच वाटांनी मीठही चढत होतं. किनाऱ्यावरचं मीठ घाटमाथ्यावर नेणं हा तर कितीतरी जुना धंदा. यादवांच्या राजधानीत रत्नं मोजायला माणसं होती, पण वेढा पडला त्या दिवशी गोणीत काय आहे हे बघायला कुणाला सवड झाली नाही. काका हा भाग सांगताना आवाज खाली आणतात. "सोनं खाऊन कोण जगलंय, आजी?" एवढंच म्हणतात आणि पुढे चालायला लागतात.

शंकरदेव परतला, लढला, बाजी उलटायला आली होती. तेवढ्यात किल्ल्याशी ठेवलेली शत्रूची तुकडी धूळ उडवत येताना दिसली आणि दिल्लीची मोठी फौज आली असं समजून यादवांची माणसं मागे हटली. मग तह. फिरिश्त्याचे आकडे असे: सहाशे मण सोनं, सात मण मोती, दोन मण रत्नं, हजार मण चांदी, चार हजार रेशमी ठाण. त्या काळचा दिल्लीचा मण आपल्या जुन्या चाळीस शेरांच्या मणापेक्षा बराच लहान होता, हे धरूनही आकडा डोळे विस्फारणारा आहे. आणि पुढे जे झालं ते आमच्या शाळेच्या पुस्तकात नीट आलंच नाही. या सोन्याच्या जोरावर अलाउद्दीनने त्याच वर्षीच्या जुलैत चुलत्याचा खून केला. दिल्लीकडे जाताना मुक्कामागणिक सोन्याच्या चांदण्या गोफणयंत्रात भरून जमलेल्या गर्दीवर उडवल्या. बरनी या पुढच्या शतकात लिहिणाऱ्या इतिहासकाराने ही हकिगत दिली आहे. लोक ते सोनं वेचत आणि त्याच्या बाजूचे होत. पैठणच्या गाड्यांनी, चौलच्या तांड्यांनी पिढ्यान्‌पिढ्या साठवलेलं देवगिरीचं सोनं उत्तरेच्या मैदानात असं फेकून संपलं.

एकदा वाट दिसली की माणसं पुन्हा येतातच. १३०७ च्या सुमारास मलिक काफूर आला. १३१८ मध्ये यादवांचं राज्य कायमचं गेलं. १३२७ मध्ये मुहम्मद तुघलकाने राजधानीच इकडे आणली आणि नाव ठेवलं दौलताबाद, संपत्तीचं नगर. त्याच सुलतानाने पुढे दोन-तीन वर्षांत तांब्या-पितळेची नाणी सोन्या-चांदीच्या भावाने चालवायला काढली. घरोघरी खोटी नाणी पडायला लागली आणि शेवटी खजिन्यातली खरी नाणी देऊन ती परत घ्यावी लागली.

अंधेरीत काकांनी बॅटरी बंद करून सगळ्यांना एक मिनिट उभं केलं. वटवाघळांचा वास, पायाखाली ओली पायरी, कुणाच्या तरी बांगडीचा आवाज. लहानपणी मला इथे भीती वाटायची. या वेळी वेगळंच जाणवलं. हा कडा तासून गुळगुळीत केलाय, खंदक खडकातच खोदलाय, हा बोगदा आतून कोरलाय. हे सगळं हातांनी, छिन्नीने. हे काम करणाऱ्या एकाही माणसाचं नाव कुठल्या तवारिखेत नाही. सोन्याचे आकडे मात्र मोत्यांसकट आहेत.

वर गेलेले खाली येईपर्यंत आजी मंदिराच्या ओट्यावर टेकल्या. त्यांना जनार्दनस्वामींच्या पादुका वर आहेत हे माहीत होतं, पण चढणं जमणार नव्हतं. एकनाथांचे गुरू जनार्दनस्वामी सोळाव्या शतकात याच किल्ल्याचे किल्लेदार होते आणि पैठणहून पोरवयात निघालेले नाथ गुरू शोधत इथेच आले. काकांनी आजींना वरचं टोक बोटाने दाखवलं. त्यांनी तिथूनच हात जोडले. गाडीत चढताना जावयाला म्हणाल्या, "बघ, नाथमहाराजांना इथं दौलत सापडली." काकांनी ते ऐकलं आणि लगेच वहीत टिपून घेतलं.

घाट चढून गाडी वर आली. दोन्ही बाजूंनी सीताफळांच्या टोपल्या, पेरूचे ढीग, सावलीला बसलेल्या बायका. आश्विनात हा घाट असाच असतो: हिरवा, पण कडेने पिवळं पडायला लागलेलं गवत, दूरवर किल्ल्याचं काळं टोक. पुढचा थांबा खुलताबाद. पण मधल्या कागजीपुऱ्याचं नाव आमच्या छापील कार्यक्रमात नव्हतं. मी काकांना विचारलं, काकांनी ड्रायव्हरभाईंना. "दस मिनट रुकते क्या?" "हौ, रुकते ना. जल्दी आव लेकिन."

गाव छोटं आहे. हातकागदाचा धंदा तुघलकाच्या काळापासून इथे चालत आला असं गावातले लोक सांगतात. राजधानीबरोबर आलेले कागजी इथे पाण्याच्या सोयीने वसले. दिल्ली परत गेली, कागजी राहिले. हौदात लगदा ढवळलेला. एक माणूस जाळीची चौकट तिरपी बुडवतो, आडवी करून वर उचलतो, पाणी निथळतं आणि जाळीवर पांढरा ओला पडदा राहतो. तो उलटून थरावर थर ठेवायचा, दाबायचा, वाळवायचा, मग घोटायचा. आम्ही उभे होतो तेवढ्या वेळात त्याने बारा कागद उचलले. चौकट बुडवताना त्याचा डावा खांदा दर वेळी तितकाच वाकत होता.

पेशवाईच्या दप्तरांत दौलताबादी कागद वापरलेला सापडतो. जुन्नरी, बऱ्हाणपुरी यांच्या जोडीने हे नाव येतं. म्हणजे अलाउद्दीनने नेलेल्या सोन्याचा एक कण आज कुणी दाखवू शकणार नाही, पण इथल्या हौदातून उचललेल्या कागदावर महसुलाचे आकडे, वतनांचे तंटे, लढाईच्या बातम्या अजून वाचता येतात. दिवसभरातलं माझ्या मते सर्वांत महत्त्वाचं ठिकाण हे. आणि इथे सहलीची गाडी थांबत नाही. पुण्याहून आलेल्या जोडप्याने एक वही घेतली, मी चार घेतल्या. दहा मिनिटांची वीस झाली, तरी ड्रायव्हरभाई काही बोलले नाहीत.

खुलताबादला काकांचा सूर बदलला. ते इथल्या बोळांत खेळून मोठे झालेले. "या गावात सोन्याच्या नावाचा माणूस झोपलाय," ते म्हणाले आणि आम्हाला जर जरी जर बक्श यांच्या दर्ग्याकडे घेऊन गेले. मुंतजिबुद्दीन हे त्यांचं नाव. दिल्लीच्या निजामुद्दीन औलियांचे शिष्य. १३०९ मध्ये ते इथेच वारले. लोकांनी दिलेलं नाव जर जरी जर बक्श, सोनं वाटणारा. देवगिरीवर पहिली धाड पडून जेमतेम तेरा वर्षं झालेली, दुसरी नुकतीच होऊन गेलेली. ज्या मुलखातून सोनं ओढून नेलं जात होतं, त्याच मुलखात एका फकिराला लोक सोनं देणारा म्हणत होते. हा योगायोग नसावा, असं मला मनापासून वाटतं. उपाशी माणसाला जो भाकरी देतो त्याच्यासाठी लोकांना सोन्याहून कमी शब्द पुरला नसेल.

जर म्हणजे फारसीत सोनं. हा शब्द आपण रोज वापरतो आणि तो सोन्याचा आहे हे विसरलो आहोत. जर, जरतार, जरीकाठ, जरीपटका. पैठणीचा पदर जरीचा, मराठ्यांच्या निशाणाचं नाव जरीपटका आणि खुलताबादच्या दर्ग्यातला हा पीर, सगळे एकाच शब्दाचे नातलग. हे मी दर्ग्याच्या पायरीवर बसून आजींना सांगितलं. त्यांनी आपल्या लुगड्याचा काठ उलटून पाहिला आणि म्हणाल्या, "मग आमच्या अंगावर पण पीरबाबाचं नाव आहे की."

जुन्या गॅझेटियरमध्ये या दर्ग्यातल्या एका पोलादी आरशाची नोंद आहे. तो तानाशहाने अर्पण केला असं सांगतात. तानाशहा म्हणजे गोवळकोंड्याचा शेवटचा सुलतान अबुल हसन. १६८७ मध्ये गोवळकोंडा पडल्यावर औरंगजेबाने त्याला सकाळी आम्ही पाहिलेल्या चिनी महालात ठेवलं आणि तिथेच त्याचे अखेरचे दिवस गेले. हिऱ्यांच्या खाणींचा धनी किल्ल्यातल्या एका महालात अडकलेला. जवळच बुऱ्हाणुद्दीन गरीब यांचा दर्गा आहे. त्यांच्यामागे शिष्यांची उपासमार व्हायला लागली तेव्हा फरशीतून रात्री चांदीची झाडं उगवत आणि ती मोडून लोकांचं पोट भरे, अशी तिथली कथा. गरीब हे त्यांचं नाव. त्या नावाशेजारी चांदीची झाडं लोकांच्या कल्पनेतच उगवली असतील, पण ती कुणाला आणि कशासाठी लागली ते स्पष्ट आहे.

औरंगजेबाची कबर बहुतेक सहलींत असतेच. १७०७ मध्ये तो अहमदनगरजवळ वारला आणि त्याच्या इच्छेप्रमाणे त्याला इथे आणलं. टोप्या शिवून मिळालेल्या चार रुपये दोन आण्यांतून कफनाचा खर्च करावा, असं त्याने लिहून ठेवल्याचं सांगतात. त्या कबरीवर आजही छत नाही. संगमरवरी जाळी फार नंतरची. काकांनी जेवढं माहीत आहे तेवढं शांतपणे सांगितलं आणि गाडीकडे वळले. इथे जास्त बोलावं की कमी, याचा अंदाज गाईडला रोज नव्याने घ्यावा लागतो. हे कौशल्य कुठल्याही परीक्षेत तपासलं जात नाही.

मलिक अंबरच्या कबरीकडे मात्र सहलीची गाडी जात नाही, आणि हे मला खटकतं. हबसाणातून गुलाम म्हणून विकलेला, हातोहात खरेदी-विक्री झालेला हा माणूस निजामशाहीचा कर्ताधर्ता झाला. १६१० मध्ये त्याने खडकी वसवली. ती खडकी म्हणजे आमचं आजचं शहर. डोंगरातलं पाणी भूमिगत नहरींनी त्याने शहरात आणलं. शतकानुशतकं या शहराने ते पाणी प्यायलं. ज्याचा स्वतःचाच भाव नाण्यांत झाला होता, त्याच्या कबरीसमोर दोन मिनिटं गाडी थांबायला हवी. काकांनी निदान रस्त्यावरून घुमट दाखवला.

वेरूळबद्दल मी थोडंच लिहिते, कारण त्यावर मराठीत भरपूर आणि चांगलं लिहिलं गेलंय. पण सोन्याचा धागा तिथेही सुटत नाही. राष्ट्रकूट कृष्ण पहिला याच्या काळात, आठव्या शतकात, कैलास कोरला गेला. वरून खाली उतरत, सुमारे दोन लाख टन दगड काढून. बडोद्याला सापडलेल्या ८१२ सालच्या ताम्रपटात या मंदिराचं वर्णन आहे. ते पाहून देव चकित झाले आणि घडवणाऱ्या कारागिरालाही आपण हे कसं केलं याचा अचंबा वाटला, असा त्याचा आशय. राजाने आतल्या शंभूला माणकांनी आणि सोन्याने मढवलं, असंही त्यात म्हटलंय. काका गाभाऱ्यात नेऊन विचारतात, "दिसतंय का कुठं सोनं?" बंगालहून आलेल्या कुटुंबातल्या मुलीने खरोखर कोपरे पाहिले. सोन्याचं माहीत नाही कधी गेलं. शिखर कोरणाऱ्यांनी सोडलेला छिन्नीचा ओरखडा बाहेरच्या भिंतीवर अजून आहे. काका त्यावर बोट ठेवून दाखवतात.

वेरूळ गावात भोसल्यांची गढी होती. शिवरायांचे आजोबा मालोजीराजे इथले. शेतात देवीने त्यांना पुरलेलं धन दाखवलं, ते त्यांनी श्रीगोंद्याच्या शेषाप्पा नाईक पुंड्यांकडे ठेवलं आणि त्यातून घोडी आणि माणसं उभी केली, अशी बखरींतली गोष्ट आहे. मालोजींनी घृष्णेश्वराच्या मंदिराची डागडुजी केली, पुढे होळकरांनी ते नव्याने बांधलं. धन खरोखर शेतात सापडलं की पराक्रमाने आणि सावकारीच्या आधाराने जमलं, याची चर्चा इतिहासकार करोत. देवगिरीचं सोनं दिल्लीला गेलं. या गोष्टीतलं सोनं मात्र इथल्याच मातीतून निघतं आणि इथल्याच माणसांच्या कामी येतं. आजी ही गोष्ट ऐकताना ताठ बसल्या होत्या.

संध्याकाळी म्हैसमाळ. हे ठिकाण कार्यक्रमात 'वेळ मिळाल्यास' असं लिहिलेलं असतं. समुद्रसपाटीपासून हजार मीटरांवर, खुलताबादहून डोंगर चढत गेलं की पठार लागतं. गिरिजादेवीचं मंदिर, दूरदर्शनचा उंच मनोरा आणि कड्याच्या टोकाला वारा. उजेड तिरपा झाला की गवताचा रंग इतका पिवळा होतो की दिवसभर सोन्याबद्दल बोलून झाल्यावर कुणालाच काही बोलावंसं वाटलं नाही. खाली वेरूळच्या बाजूची शेतं, मक्याचे आणि कापसाचे चौकोन.

पण याच कड्यावर मन खिन्नही झालं. दिवसभर रस्त्याच्या कडेला 'एनए प्लॉट'च्या पाट्या वाचत आलो होतो. समृद्धी महामार्ग दौलताबादजवळून गेला, माळीवाड्याला त्यावर चढायची-उतरायची सोय झाली आणि या पट्ट्यात जमिनीला सोन्याचा भाव आला. रिसॉर्ट, लॉन्स, कुंपणं. शेतकऱ्याला चांगला भाव मिळावा, याला कुणाची ना नसावी. पण किल्ल्याच्या बाहेरच्या तटाच्या आत-बाहेर ज्या जमिनी आहेत, त्यांच्याखाली एक अख्खं शहर झोपलंय. पाया खणताना काय निघतं आणि कुठे जातं, याची नोंद ठेवायला माणूस हवा. जुन्या नहरींच्या वाटेवर बांधकाम झालं तर ती वाट कायमची बुजते. ही घाई थांबवता येणार नसेल, तर निदान आधी पाहणी, मग परवानगी, एवढा क्रम तरी पाळला पाहिजे.

परतताना गाडी शांत होती. मी काकांच्या शेजारी बसले. २०२० च्या मार्चमध्ये लेणी बंद झाली ती डिसेंबरमध्ये उघडली, त्या नऊ महिन्यांत त्यांनी भाजीचा गाडा लावला होता. त्यांच्या ओळखीचे काही जण जपानी, जर्मन, फ्रेंच शिकलेले. पाहुणे नव्हते तेव्हा त्या भाषा घरात आरशासमोर बोलायचे. "विसरायला नको ना, ताई." परदेशी पाहुणे पूर्वीसारखे आले की मोबदला बरा, नाहीतर असा तेरा जणांचा गट, आणि त्यातलेही अर्धे गाईड घेण्याऐवजी मोबाइलवर ऐकतात. मी विचारलं, नवी मुलं येतात का या कामात? ते म्हणाले, "माझा मुलगा कंपनीत आहे, शेंद्र्याला. चांगलं आहे त्याचं." मग थोड्या वेळाने, "पण अंधेरीत बॅटरी कुठल्या पायरीवर बंद करायची, ते त्याला ठाऊक आहे."

शहरात शिरल्यावर पुण्याच्या जोडप्याला हिमरू बघायचा होता. किनखाबात खरी सोन्या-रुप्याची तार असते. हिमरू त्याच नक्षीचा, पण सूत आणि रेशमाचा. ज्यांना सोनं परवडत नव्हतं त्यांच्यासाठी विणकरांनी काढलेला मार्ग, असं त्याच्याबद्दल सांगतात. हातमाग आता फार थोडे उरलेत. दुकानात ढिगाने दिसतो तो बहुतेक यंत्रावरचा. काकांनी त्यांना मागावरचं आणि यंत्रावरचं कापड पाठीमागून कसं ओळखायचं ते दाखवलं आणि त्याबद्दल दुकानाकडून काहीही घेतलं नाही, हे मी पाहिलं.

उतरताना आजींनी काकांना वाकून नमस्कार करू दिला नाही. उलट त्यांच्याच हातावर शंभराची नोट ठेवली. काकांनी खिशातली आपट्याची पानं काढून त्यातलं एक आजींना परत दिलं.

दिवाळीच्या सुट्टीत तुमच्याकडे पाहुणे येतील आणि तुम्ही त्यांना वेरूळला न्याल. तेव्हा गाईड घ्या, मोबाइलवर भागवू नका. किल्ल्याला तीन तास द्या. आणि दौलताबादचा घाट चढून वर आलात की ड्रायव्हरला सांगा, कागजीपुऱ्याला थांबायचंय. तिथून निदान एक वही घ्या. वेरूळची लेणी मंगळवारी बंद असतात, तेवढा वार सोडून निघा.